न पाहिलेले खाँसाहेब : रेडिओ, पडदा आणि वसंतराव देशपांडे

काही वर्षांपूर्वी एका चर्चासत्रात मी नाट्यसंगीतावर निबंध वाचला. वाचन संपल्यावर पहिल्या रांगेतले एक वयोवृद्ध रसिक उठले आणि त्यांनी विचारले, "आपण वसंतरावांची ‘कट्यार’ पाहिली आहे का?" मी नाही म्हणालो. "मग कशाच्या बळावर बोलता?" एवढे म्हणून ते खाली बसले. सभागृहात थोडे हसू पिकले. माझ्याजवळ उत्तर नव्हते. वर्ध्याला परतताना गाडीत तो प्रश्न डोक्यात घोळत राहिला आणि अजूनही तो पुरता गेलेला नाही. प्रस्तुत लेख हे त्या प्रश्नाला दिलेले उशिराचे उत्तर आहे.

प्रश्न रास्त होता, हे आधी मान्य करतो. ‘कट्यार काळजात घुसली’ रंगभूमीवर आले ते १९६७च्या डिसेंबरात. माझा जन्म त्यानंतरचा. ३० जुलै १९८३ रोजी वसंतराव गेले तेव्हा मी शाळकरी मुलगा होतो. मुंबई-पुण्याची नाटके नागपूरच्या धनवटे रंगमंदिरापर्यंत येत. सेलू तालुक्यातल्या आमच्या गावाहून नागपूर काही फार दूर नाही. पण तिकिटाचे पैसे आणि प्रयोग सुटल्यावर रात्री परतायची पंचाईत, या दोन गोष्टींनी ते अंतर पुष्कळ वाढत असे. त्यामुळे माझ्या वाट्याला आले ते तबकडीवरचे, आकाशवाणीवरचे आणि थोडेसे पडद्यावरचे वसंतराव. खेड्यापाड्यांतल्या बहुतेक रसिकांची गोष्ट याहून वेगळी नसावी.

गायकनटाचा विचार करताना आपण प्रयोग ही मूळ प्रत मानतो आणि तबकडी, रेडिओ, चित्रपट या तिच्या फिकट नकला समजतो. वसंतरावांच्या बाबतीत हे गृहीत पूर्णपणे लागू पडत नाही, असे माझे म्हणणे आहे. या माध्यमांनी त्यांचे निरनिराळे अंश आपल्यापुढे ठेवले. कोणता अंश कोठे टिकला आणि कोठे सांडला, हे पाहिले तर न पाहिलेल्या माणसालाही बोलण्यापुरती जागा मिळते. ती जागा किती, हेही मग कळते.

मूर्तिजापूर ते नागपूर

वसंतरावांचा जन्म २ मे १९२०चा, मूर्तिजापूरचा. बालपण नागपुरात गेले. मूर्तिजापूरहून नागपूरला जाणारी गाडी बडनेरा, धामणगाव, पुलगाव, वर्धा असे करीत जाते; म्हणजे या गायकाचे पहिले दोन मुक्काम आमच्या रुळाच्या दोन टोकांना आहेत. नागपुरात शंकरराव सप्रे यांच्याकडे त्यांचे गाण्याचे पाठ झाले. पुढे लाहोरला असद अली खाँ, पुण्यात सुरेशबाबू माने, मुंबईत भेंडीबाजार घराण्याचे अमान अली खाँ अशी अनेक ठिकाणची विद्या त्यांनी घेतली. या सगळ्यांवर मास्टर दीनानाथांच्या आक्रमक, विजेसारख्या चमकणाऱ्या गायकीचा मोठा ठसा होता. एका घराण्याच्या चौकटीत न मावणारे हे गाणे पोटासाठी मात्र बरीच वर्षे लष्कराच्या हिशेब खात्यात कारकुनी करीत होते.

चित्रपटाशी त्यांची गाठ फार लवकर पडली. भालजी पेंढारकरांच्या ‘कालिया मर्दन’ या बोलपटात ते कृष्ण झाले. त्यांच्या अनेक परिचयांत "वयाच्या आठव्या वर्षी" असे छापलेले आढळते आणि एकाने लिहिलेले दुसरा उतरवून घेतो. येथे थोडे बोटांवर मोजावे. आठवे वर्ष म्हणजे १९२८. भारतातला पहिला बोलपट ‘आलम आरा’ आला १९३१ साली. मराठीतला पहिला, ‘अयोध्येचा राजा’, १९३२ साली. ‘कालिया मर्दन’ १९३५चा. म्हणजे पडद्यावर आला तो कृष्ण पंधरा वर्षांचा होता. चूक लहान आहे, पण ती दुरुस्त केल्याने अर्थ बदलतो. आठ वर्षांचा मुलगा पडद्यावर गातो हे कौतुक; पंधरा वर्षांचा मुलगा गातो, त्या वयात मुलांचा आवाज फुटतो आणि पुढे काय होणार हे कोणालाच सांगता येत नाही. ही उमेदवारी एका धोक्याच्या वळणावरची होती.

त्याच सुमारास रंगभूमीवरचे दोन मोठे गायकनट पडद्याकडे वळले, हे येथे आठवायला हवे. दीनानाथांच्या बळवंत कंपनीने १९३४ साली ‘कृष्णार्जुन युद्ध’ काढले आणि त्या धंद्याने कंपनीची कंबर मोडली. बालगंधर्वांनी १९३५ साली प्रभातच्या ‘धर्मात्मा’त संत एकनाथ साकारले. ज्याला स्त्रीभूमिकांनी घडवले, त्याला पडद्यावर दाढीमिशांचा मुलुख धरावा लागला. थोड्याच वर्षांत ते पुन्हा रंगभूमीवर परतले. या अपयशाची कारणे पैशाच्या व्यवहारात शोधली जातात आणि ती तेथे आहेतही. पण एक कारण गाण्यातच होते. नाटकातले पद किती वेळ चालावे हे गायक आणि प्रेक्षक मिळून ठरवीत; ‘वन्स मोअर’ हा त्या कराराचाच भाग होता. चित्रपटात ते आधीच कोणीतरी फुटांत मोजून ठेवलेले असते. समोर दाद देणारा माणूस नाही, आणि असला तरी त्याच्यासाठी पद वाढवता येत नाही. वसंतरावांना पुढे याच अडचणीतून वाट काढायची होती.

माइकच्या जवळचा गळा

आकाशवाणीचे नागपूर केंद्र १९४८च्या जुलैत सुरू झाले. आमच्या घरी ट्रान्झिस्टर पुष्कळ नंतर आला, तो कपाशीचे पैसे हाती आल्यावर. वडील बातम्या आणि बाजारभाव ऐकत. नाट्यगीते लागली की आई चुलीपुढून उठून ओट्यावर येऊन बसे. माझे संगीताचे शिक्षण म्हणायचे तर एवढेच.

रेडिओचा नाट्यसंगीतावर झालेला परिणाम अजून नीट अभ्यासला गेलेला नाही. एकच उदाहरण देतो. १९४०पासून तीस वर्षांहून अधिक काळ आकाशवाणीवर हार्मोनियमला बंदी होती. मराठी नाट्यपद तर ऑर्गन आणि पेटीच्या मांडीवर वाढलेले. नाटकात ज्या सुरांच्या भिंतीला टेकून गायक उभा राहतो, ती भिंत रेडिओवर काढून घेतलेली. सारंगी किंवा व्हायोलिन मागून येत असे, पण ते सावलीसारखे. टेकायला उपयोगी नाही. ज्याचा गळा स्वतःच्या पायावर उभा राहू शकतो त्याचेच पद अशा वेळी पद वाटते.

शिवाय माइक जवळ असतो. रंगभूमीचा गायक शेवटच्या रांगेसाठी आवाज टाकतो; रेडिओचा गायक एका माणसाच्या कानाशी बोलतो. वसंतरावांना दोन्ही येत होते, आणि हे दुर्मीळ आहे. त्यांनी गायिलेले कवी अनिलांचे ‘कुणी जाल का’ ऐकावे. चाल यशवंत देवांची. गाणाऱ्याचा आणि लिहिणाऱ्याचा जन्म एकाच मूर्तिजापूरचा, हा निव्वळ योगायोग. पण आम्हा वऱ्हाड-नागपूरच्या माणसांना तो सुखावतो. या गाण्यात आर्जव आहे. खाँसाहेबांच्या गळ्यात जी चपळाई आहे ती येथे जवळजवळ झाकून ठेवलेली. शब्दाच्या शेवटी सूर थोडा रेंगाळतो, पुढे जाऊ की नको असे म्हणतो आणि मग जातो. ताना घेण्याची ताकद असलेला गळा त्या घेत नाही, म्हणून ते आर्जव खरे वाटते. रंगभूमीवर हे एवढ्या हलक्या हाताने करता आले नसते. तेव्हा रेडिओ ही येथे नक्कल नव्हे. वसंतरावांच्या गळ्यातले एक दार माइकनेच उघडले.

गायकी हेच पात्र

‘कट्यार’ लिहिले आणि बसवले नागपूरच्या पुरुषोत्तम दारव्हेकरांनी, संगीत दिले जितेंद्र अभिषेकींनी, रंगभूमीवर आणले प्रभाकर पणशीकरांच्या नाट्यसंपदेने. प्रसाद सावकार सदाशिव, फैयाज झरीना आणि वसंतराव खाँसाहेब आफताब हुसेन. नोकरी सोडून गाण्यात उतरलेल्या वसंतरावांचे वय तेव्हा सत्तेचाळीस होते.

या नाटकाचे वेगळेपण कशात? एरवीच्या संगीत नाटकात माणूस प्रेमात पडतो, रुसतो, रडतो आणि ते सांगायला गातो. पद काढून दुसरे घातले तरी पात्र तेच राहते. ‘कट्यार’मध्ये भांडण गाण्यासाठीच आहे. दोन घराणी, दोन गायकी, राजगायकाचे पद आणि त्यासोबत येणारी कट्यार. येथे खाँसाहेब कसे गातात हाच त्यांचा स्वभाव. ‘घेई छंद मकरंद’ची दोन रूपे शेजारी ठेवून ऐकली की हे कळते. शब्द तेच. एक चाल शांत, रुंद पात्राच्या नदीसारखी. ती पंडितजींच्या घराण्याची. दुसरी खाँसाहेबांची, शब्दांवर झडप घालणारी. तिच्यात सूर लागण्याआधीच सुटण्याची घाई आहे. आपल्याला कोणी मागे टाकील अशी भीती, आणि ती झाकणारा तोरा, ही दोन्ही त्या लयीत ऐकू येतात. दारव्हेकरांनी हे संवादांत सांगितले असते तर पाने भरली असती. अभिषेकी आणि वसंतराव यांनी ते एका पदात सांगितले.

‘सुरत पिया की’ ही रागमाला घ्या. एका रागातून दुसऱ्यात जाणे ही तर तयारीच्या गवयाची कसरत. वसंतरावांच्या तोंडी ती कसरत राहत नाही. प्रत्येक नव्या रागाच्या उंबऱ्यावर ते क्षणभर थांबतात, जणू घर आपलेच आहे ना याची खात्री करून घेतात, आणि मग बेधडक आत शिरतात. एवढ्या विद्येचा हा धनी इतका अस्वस्थ का, हा प्रश्न ऐकणाऱ्याला पडतो. आणि खाँसाहेबांचे सगळे पात्र त्या एका प्रश्नावर तर उभे आहे.

म्हणून माझे म्हणणे असे : जे पात्र गायकीचेच घडलेले आहे, ते ध्वनिमुद्रणात इतर पात्रांपेक्षा जास्त शिल्लक राहते. बालगंधर्वांची सिंधू केवळ तबकडीवरून उभी करता येणार नाही. तिचा शालू, तिचे वळणे, तिची मान हवी. खाँसाहेबांचा बराच मोठा भाग मात्र आवाजात आहे.

अर्थात, सगळा नाही. येथे परदेशातले एक उदाहरण उपयोगी पडेल. मारिया कॅलास ही विसाव्या शतकातली ऑपेराची थोर गायिका. ऑपेरा म्हणजे ढोबळमानाने त्यांचे संगीत नाटक, फक्त तेथे सूर न् सूर लिहिलेला असतो. कॅलासच्या ध्वनिमुद्रिका विपुल आहेत. पण तिचा रंगभूमीवरचा अभिनय पाहायचा तर १९६४ साली लंडनच्या कॉव्हेंट गार्डनमध्ये दूरचित्रवाणीसाठी टिपलेला ‘तोस्का’चा दुसरा अंक हा मुख्य आधार. तो पाहिल्यावर अभ्यासक म्हणतात की आवाजात जे ऐकले होते ते हातांतही होते. पुढे १९६९ साली पासोलिनीच्या ‘मेदेया’ या चित्रपटात ती आली आणि त्यात ती गात नाही! ज्या गळ्यासाठी जग तिला ओळखत होते, तो गळाच पडद्याने बाजूला ठेवला. चित्रपट आणि गायकनट यांचे नाते जगभर असेच अवघडलेले आहे. तो एक तर गळा घेतो किंवा चेहरा. दोन्ही एकत्र घेताना बिचकतो.

केळझरच्या वाटेवरचा अष्टविनायक

आमच्या तालुक्यातल्या केळझरचा सिद्धिविनायक विदर्भाच्या अष्टविनायकांत मोजला जातो. राजदत्त यांचा ‘अष्टविनायक’ हा चित्रपट १९७९ साली आला तो पश्चिम महाराष्ट्रातल्या आठ गणपतींचा. पण यात्रेतल्या तंबूत तो लागला तेव्हा आमच्या लोकांनी तो आपलाच मानला. मी तो तेथेच पाहिला, सतरंजीवर बसून. आईने दंडाला धरून सांगितले, "हे बघ, रेडिओतले वसंतराव." मला आधी पटेना. आवाज मनात एवढा मोठा होता आणि पडद्यावर एक साधासुधा, घरगुती बाप उभा होता.

‘दाटून कंठ येतो’ हे शांताराम नांदगावकरांचे गीत, चाल अनिल-अरुण यांची. लेकीला सासरी धाडणाऱ्या बापाचे. यात एक पेच आहे आणि तो मला मोठेपणी उमगला. शब्द म्हणतात गळा दाटला आहे. गाण्यासाठी मात्र गळा मोकळा हवा. बहुतेक गायक येथे आवाजात रडू मिसळतात. वसंतराव तसे करीत नाहीत. ते हुंदका उसना आणत नाहीत, तानांचा पाऊस पाडत नाहीत. सूर स्वच्छ लावतात, पण त्याला पूर्ण पसरू देत नाहीत. वाक्य जेथे मोठे होऊ पाहते तेथे ते आवरते घेतात. ज्याने हजारो माणसांपुढे गळा उधळला तो माणूस आपल्या अंगणात हळू बोलतो आहे, असे वाटते. आणि पडद्यावर ओठ हलतात ते त्याच गळ्याच्या मालकाचे. गाणे आधी मुद्रित झालेले आहे हे खरे, पण चेहऱ्याला माहीत आहे की हा सूर कोठून निघाला होता.

चित्रपटात वसंतराव तसे अनेकदा गायिले. पुलंच्या ‘गुळाचा गणपती’त (१९५३) त्यांचा आवाज आहेच. पण गळा आणि चेहरा एकत्र घेण्याचे धाडस पडद्याने येथे केले, आणि तेही खाँसाहेब म्हणून नव्हे, एका बापाच्या भूमिकेत. एकोणसाठ वर्षांचा हा गायक त्या भूमिकेत असा सहज बसतो की मराठी चित्रपटाने त्याला एवढ्या थोड्या वेळा समोर उभे केले याची हळहळ वाटते.

दुसऱ्याच्या ओठांवरची तान

१२ नोव्हेंबर २०१५ रोजी सुबोध भावे दिग्दर्शित ‘कट्यार काळजात घुसली’ प्रदर्शित झाला. त्याचे उपकार आधी मानतो. आमच्या भागातल्या ज्या मुलांनी संगीत नाटक हा शब्दही ऐकला नव्हता, ती सायकलवरून जाताना ही पदे गुणगुणू लागली. महेश काळे यांना त्यातल्या गायनासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो योग्यच. सचिन पिळगावकरांनी खाँसाहेबांचा अहंकार आणि त्याचा ढळत जाणारा तोल मेहनतीने उभा केला.

माझी तक्रार वेगळी आहे. या चित्रपटात खाँसाहेबांचा चेहरा सचिन यांचा आणि गाणे राहुल देशपांडे यांचे, म्हणजे वसंतरावांच्या नातवाचे. पार्श्वगायनाची ही रीत आपल्या अंगवळणी पडलेली आहे. ‘बैजू बावरा’त (१९५२) अमीर खाँ आणि द. वि. पलुस्कर गायिले तेही इतरांच्या चेहऱ्यांसाठीच. तेव्हा एरवी कोणी हरकत घेऊ नये. परंतु ज्या कथेत सगळा झगडा ‘हा गळा कोणाचा, ही विद्या कोणाची’ यावर आहे, तेथे गळा एकाचा आणि देह दुसऱ्याचा केला की कथेचा कणाच नाजूक होतो. कॅमेरा जवळ गेला की मानेची शीर दिसते. तान तेथे नाही, हे डोळ्यांना कळते आणि ते कानांना सांगतात. नाटकाच्या पुनरुज्जीवित प्रयोगांत राहुल देशपांडे स्वतः खाँसाहेब म्हणून उभे राहत होते, हे लक्षात घेतले म्हणजे चित्रपटाने काय सोडले ते अधिक उमगते.

पुढे १ एप्रिल २०२२ रोजी निपुण धर्माधिकारी यांचा ‘मी वसंतराव’ आला. त्यात राहुल देशपांडे यांनी आजोबांची भूमिका केली आणि गायिलेही स्वतः. देह आणि गळा पुन्हा एक झाले. फक्त माणूस दुसरा. त्यांनी आजोबांचा आवाज काढण्याचा हट्ट धरला नाही, ही मला त्या चित्रपटातली सर्वांत प्रामाणिक गोष्ट वाटते. तो चित्रपट वसंतराव दाखवत नाही. वसंतराव झाल्याशिवाय त्यांच्याजवळ कसे जावे, हे तो दाखवतो.

दाराबाहेरचे शिष्य

‘कट्यार’मधला सदाशिव खाँसाहेबांसमोर शिष्य म्हणून बसू शकत नाही. तो त्यांच्या हवेलीत पडेल ते काम करतो आणि भिंतीआडून कानांवर येईल ते साठवतो. मला वाटते, आम्ही तंबूतले आणि ट्रान्झिस्टरचे श्रोते त्याच जातीचे. सदाशिवाची विद्या चोरीची म्हणून खोटी ठरत नाही. मात्र तिला मर्यादा आहे, आणि ती मान्य केल्यावाचून त्याला पुढे जाता येत नाही.

हा लेख लिहिताना पुलगावच्या एका निवृत्त शिक्षकांना भेटलो. त्यांनी वसंतरावांची ‘कट्यार’ नागपुरात पाहिली होती. मी वही उघडून विचारले, "काय पाहिलेत?" ते बराच वेळ आठवत राहिले. पोशाख नीट सांगता येईना, प्रवेशांचा क्रम जुळेना. शेवटी त्यांनी डोळे मिटले आणि खाँसाहेबांची लय मांडीवर धरून गुणगुणू लागले. ज्याने पाहिले होते त्याच्याजवळही पन्नास वर्षांनी ऐकलेलेच उरले होते. मी वही मिटली आणि ऐकत बसलो. थोड्या वेळाने ते थांबून म्हणाले, "येथे ते गप्प बसत. किती वेळ, ते सांगता येत नाही. पण कोणी खोकत नसे."

ही शांतता कोणत्याही तबकडीत नाही. ध्वनिमुद्रण करणारा ती कापून टाकतो. मी शंभर वेळा ऐकले तरी ती मला मिळणार नव्हती.

म्हणून पहिल्या रांगेतल्या त्या रसिकांना माझे उत्तर असे. मी ‘कट्यार’ पाहिली नाही. मी ऐकलेल्या गळ्याच्या बळावर बोलतो आणि त्या गळ्यात नाटकाचा मोठा वाटा सुखरूप आहे, असे मला वाटते. जे त्यात नाही ते तुमच्याजवळ आहे : ते कोठे थांबत, कोणत्या बाजूने येत, सभागृह केव्हा गप्प होई. आज तुमच्यातले धाकटेही सत्तरीच्या घरात आहेत. तेव्हा तुम्ही काय पाहिले, ते मला सांगा. मी पुन्हा वही घेऊन येतो.